कर्ता माणूस अपघातात गेल्यावर न्यायालय भरपाई कशी मोजते?

प्रश्न थोडक्यात असा. सांगली जिल्ह्यातले एक गृहस्थ विचारतात: धाकटा भाऊ, वय ३४, तालुक्याच्या गावी मोटार रिवाइंडिंगचे, म्हणजे जळालेल्या विजेच्या मोटारींत नवी तांब्याची तार भरून देण्याचे, दुकान चालवायचा. चार महिन्यांपूर्वी रात्री दुकान बंद करून मोटरसायकलवरून घरी येताना डंपरने ठोकर दिली आणि तो जागीच गेला. मागे पत्नी, दोन लहान मुले आणि आई-वडील. डंपरच्या विमा कंपनीकडून आलेला माणूस म्हणतो, लोकअदालतीत २० लाखांत मिटवून टाका. नातेवाईक म्हणतात, कोटीच्या खाली सही करू नका. गावात कोणी म्हणते, हेल्मेट नव्हते, काही मिळणार नाही. न्यायालय नेमके काय बघते आणि आम्ही काय करावे?

मी मोटार अपघात दाव्यांत मृतांच्या कुटुंबांच्या बाजूने काम करतो. तुमच्यावर जे कोसळले आहे ते मी रोज समोर बसलेल्या माणसांच्या चेहऱ्यावर बघतो, म्हणून सांत्वनात वेळ न घालवता आधी निकडीचे सांगतो.

चार महिने झाले म्हणता, म्हणजे हातात दोनच महिने आहेत. मोटार वाहन कायद्यातल्या २०१९ च्या दुरुस्तीचा हा भाग १ एप्रिल २०२२ पासून लागू झाला आणि तेव्हापासून कलम १६६ खालचा भरपाईचा दावा अपघाताच्या तारखेपासून सहा महिन्यांत दाखल करावा लागतो. या मुदतीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेले आहे, पण त्या भरवशावर एक दिवसही दवडू नका. सगळे कागद जमल्यावरच दावा टाकायचा, हा समज डोक्यातून काढा. एफआयआर, घटनास्थळ पंचनामा, शवविच्छेदन अहवाल, मृत्यूचा दाखला आणि डंपरच्या आरसी-विम्याचा तपशील एवढ्यावर दावा उभा राहतो. बाकीचे नंतर दाखल करता येते. पोलिसांनी अपघाताचा पहिला अहवाल ४८ तासांत आणि सविस्तर अहवाल ९० दिवसांत मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाला, म्हणजे असे दावे चालवणाऱ्या न्यायालयाला, पाठवायचा, असा २०२२ च्या नियमांचा दंडक आहे. तो गेला का, हे तपास अधिकाऱ्याला विचारा. गेला नसेल तर लेखी अर्ज देऊन पोच घ्या. पण तुमचा दावा त्या अहवालासाठी थांबवू नका. अपघात दुसऱ्या जिल्ह्यात झाला असला तरी तुम्ही राहता त्या भागातल्या न्यायाधिकरणात दावा चालतो. व्याजही सहसा दावा दाखल केल्याच्या तारखेपासून धरतात, म्हणून लवकर दाखल करण्यात पैशाचाही फायदा आहे.

आता मूळ प्रश्न. भरपाईचा आकडा न्यायाधीशांच्या दयेवर ठरत नाही आणि दुःख किती मोठे यावरही ठरत नाही. हे ऐकायला कठोर वाटेल. पण त्यामुळेच तुम्ही घरी बसून कागदावर तो आकडा काढू शकता आणि समोरचा माणूस काय देऊ करतो आहे ते तपासू शकता. एके काळी एकाच वयाच्या, एकाच कमाईच्या दोन माणसांच्या कुटुंबांना दोन न्यायालयांत अगदी वेगवेगळ्या रकमा मिळत. सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये सरला वर्मा निकालात हिशेबाची एक रीत घालून दिली आणि ३१ ऑक्टोबर २०१७ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने प्रणय सेठी निकालात ती पक्की केली. आज देशभरातली न्यायाधिकरणे याच रीतीने चालतात.

रीत अशी. मृताचे महिन्याचे उत्पन्न धरायचे आणि त्यात पुढच्या काळात झाली असती ती वाढ मिळवायची. स्वतःचा धंदा किंवा ठरावीक पगार असेल तर वय ४० च्या आत ४० टक्के, ४० ते ५० मध्ये २५ टक्के, ५० ते ६० मध्ये १० टक्के. कायम नोकरी असेल तर हेच आकडे ५०, ३० आणि १५ होतात. मग तो माणूस स्वतःवर जे खर्च करत असता ते वजा करायचे. अवलंबून असणारे दोन-तीन असतील तर एक तृतीयांश, चार ते सहा असतील तर एक चतुर्थांश, सहाहून अधिक असतील तर एक पंचमांश. अविवाहिताच्या बाबतीत सहसा निम्मे जाते. जे उरते त्याला वयाप्रमाणे मल्टिप्लायर म्हणजे गुणक लावायचा. वय २५ पर्यंत १८, मग २६ ते ३० ला १७, ३१ ते ३५ ला १६, ३६ ते ४० ला १५, ४१ ते ४५ ला १४, ४६ ते ५० ला १३ आणि तिथून पुढे ११, ९, ७ असे उतरत ६६ ते ७० ला ५. वय मृताचेच धरायचे. अविवाहित मुलगा गेला की आईचे वय धरून गुणक कमी करण्याचा प्रयत्न अजून होतो, तो चालू देऊ नये.

याशिवाय अंत्यविधीचा खर्च, इस्टेटीचे नुकसान (तो पुढे शिल्लक टाकून मागे ठेवला असता ते) आणि सहवासाची हानी अशा ठरावीक रकमा असतात. २०१७ मध्ये त्या अनुक्रमे १५ हजार, १५ हजार आणि ४० हजार होत्या आणि दर तीन वर्षांनी १० टक्के वाढवायच्या असे घटनापीठानेच सांगितले. २०२० आणि २०२३ ची वाढ धरून त्या १८,१५०, १८,१५० आणि ४८,४०० होतात. सहवासाची रक्कम फक्त पत्नीला नसते. २०१८ पासून मुलांना आई-बापाच्या सहवासापोटी आणि आई-वडिलांना मुलाच्या सहवासापोटी ती प्रत्येकी वेगळी मिळते. बऱ्याच दाव्यांत ती एकदाच मागितलेली दिसते, तिथे लक्ष ठेवा.

तुमच्या भावाचा हिशेब मांडू. समजा कमाईचा कागद काहीच नाही आणि न्यायाधिकरणाने अंदाजाने महिना १२,००० धरले. वर्षाचे १,४४,०००. त्यात ४० टक्के मिळवून २,०१,६००. पत्नी, दोन मुले, आई, वडील असे पाच जण, म्हणून एक चतुर्थांश वजा, उरले १,५१,२००. वय ३४, गुणक १६, म्हणजे २४,१९,२००. पाच जणांच्या सहवासाचे २,४२,००० आणि इतर दोन रकमांचे ३६,३०० धरून एकूण २६,९७,५००. आता तेच उत्पन्न महिना २०,००० सिद्ध झाले तर एकूण रक्कम ४३,१०,३०० होते. माणूस तोच, अपघात तोच, आणि फरक १६ लाख १२ हजारांचा. तुमच्या प्रकरणात सिद्ध झालेल्या दर हजार रुपये मासिक कमाईमागे भरपाई २,०१,६०० रुपयांनी वाढते. हा एक आकडा लक्षात ठेवा, कारण पुढचे सगळे त्याच्याशी जोडलेले आहे.

याच आकड्याने त्या दोन्ही सल्ल्यांची तपासणी करा. २० लाख ही रक्कम मान्य करणे म्हणजे तुमचा भाऊ महिन्याला साधारण साडेआठ हजारच कमवत होता हे मान्य करणे. आणि कोटीचा दावा म्हणजे त्याची निव्वळ कमाई महिना ४८ हजारांच्या घरात होती हे सिद्ध करायची तयारी. पहिली गोष्ट त्याच्या कष्टांवर अन्याय करणारी आहे. दुसरीला कागद लागतील, आणि ते नसतील तर नातेवाइकांच्या शब्दावर वर्षे घालवण्यात अर्थ नाही.

म्हणून सगळा जीव कमाईच्या पुराव्यात ओता. बहुतेक कुटुंबे इथेच हरतात. माणूस गेल्यावर दुकान रिकामे करतात, मालकाला गाळा परत देतात आणि जुन्या वह्या रद्दीत जातात. दुकान अजून तसेच असेल तर आधी तिथे जा. रिवाइंडिंगवाल्याकडे कामाची वही असते: कोणाची मोटार, किती एचपीची, कधी आली, काय मजुरी ठरली, किती बाकी. ती वही, मग कितीही तेलकट-फाटकी असो, जपून घरी आणा. तांब्याची तार तो कोणत्या दुकानातून आणायचा ते शोधा. तार किलोवर विकत घेतली जाते, बहुधा उधारीवर, आणि पुरवठादाराकडे त्याचा खातेउतारा असतो. वर्षाला किती किलो तार घेतली हे एकदा कागदावर आले की किती मोटारी भरल्या याचा अंदाज त्या धंद्यातला कोणीही कारागीर साक्षीत सांगू शकतो. जळकी तार भंगारात विकल्याच्या पावत्याही उपयोगी पडतात. तारेचे बिल आणि पुरवठादाराची साक्ष असेल तर कंपनीच्या वकिलाला उत्पन्नच नव्हते असे म्हणणे जड जाते.

त्यापुढे बँकेचा आणि यूपीआयचा किमान दोन-तीन वर्षांचा उतारा, गाळ्याचा भाडेकरार, दुकानाचे व्यावसायिक वीजबिल, उद्यम नोंदणी किंवा गुमास्ता असेल तर ते, आणि पतसंस्थेची कर्जाची फाइल. शेवटची विसरू नका. कर्ज घेताना माणूस आपले उत्पन्न लिहून देतो, संस्था ते तपासते आणि हप्ते नियमित फेडलेले असतात. हा अपघाताच्या आधीचा, दाव्याचा विचारही नसतानाचा कागद असतो, म्हणून त्यावर विश्वास बसतो. मुलांच्या शाळेची फी, घराचे बांधकाम, एलआयसीचे हप्ते हेही राहणीमान दाखवतात. मात्र एकूण जमा आणि निव्वळ कमाई यांत गल्लत करू नका. तार, गाळाभाडे, हाताखालच्या पोराचा पगार वजा करून जे उरते तेच उत्पन्न. ते प्रामाणिकपणे काढून मांडले तर तुमच्या बाकीच्या म्हणण्यालाही वजन येते.

प्राप्तिकर विवरणपत्रे भरलेली असतील तर ती सगळ्यात भक्कम. नसतील तर मृत्यूनंतर मागील वर्षांची भरण्याचा सल्ला कोणी देईल, तो ऐकू नका. तारखा बघताच न्यायालयाला शंका येते. तसेच ओळखीच्या माणसाकडून आणलेला पगाराचा खोटा दाखला. तो देणारा साक्षीला आला की उलटतपासात दोन प्रश्नांत कोसळतो आणि खऱ्या पुराव्यालाही घेऊन बुडतो. कागद नाहीत म्हणून किमान वेतनच धरले पाहिजे असेही नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये सांगितले आहे की किमान वेतन हा एक मापदंड आहे, शेवटची मर्यादा नव्हे, आणि अशा प्रकरणांत थोडा अंदाज बांधावाच लागतो. पण अंदाज बांधायलाही न्यायाधीशांच्या समोर काहीतरी हवे.

वयाचा पुरावा म्हणून आधार कार्डावर विसंबू नका. ऑक्टोबर २०२४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने आधारवरच्या जन्मतारखेपेक्षा शाळा सोडल्याचा दाखला ग्राह्य मानला. ३५ ऐवजी ३६ वय धरले गेले तर गुणक १६ चा १५ होतो आणि २० हजारांच्या हिशेबात २,५२,००० कमी होतात. गावच्या शाळेतून दाखला काढून ठेवा.

तुमची थोडी शेती असेल तर ते उत्पन्न सगळेच्या सगळे धरत नाहीत, कारण जमीन कुटुंबाकडेच राहते. तो शेतीची देखरेख करायचा तिचे मोल तेवढे मागता येते. दुकानाबाबतही कंपनी म्हणेल की दुकान तर भाऊ चालवू शकतो. रिवाइंडिंग हे हाताचे कसब आहे, त्याचे हात गेले आणि धंदा बंद पडला, हे शेजारच्या दुकानदाराच्या साक्षीने स्पष्ट करा.

आता चूक कोणाची हा भाग. कलम १६६ खाली डंपरचालकाचा निष्काळजीपणा दाखवावा लागतो, पण फौजदारी खटल्यासारखा संशयातीत नव्हे. जास्त शक्यता कोणत्या बाजूला आहे एवढेच पाहतात. चालक पुढे फौजदारी न्यायालयातून सुटला तरी तुमचा दावा आपोआप पडत नाही. खरे भांडण होते ते तुमच्या भावाचीही काही चूक होती का यावर. २५ टक्के चूक त्याच्यावर आली तर ४३ लाखांतले पावणेअकरा लाख गेले.

त्यासाठी घटनास्थळ पंचनामा हातात घ्या आणि ओळ न् ओळ वाचा. डांबरी रस्ता किती फूट रुंद, साइडपट्टी किती, अपघाताची जागा कोणत्या कडेपासून किती अंतरावर, ब्रेकच्या खुणा कुठून सुरू होतात आणि किती फूट लांब, काचेचा चुरा, रक्त आणि मोटरसायकल कोणत्या बाजूला पडली होती, डंपर कुठल्या तोंडाने उभा होता. मोटरसायकलचा चुरा तिच्या डाव्या बाजूच्या साइडपट्टीजवळ असेल आणि डंपरच्या खुणा मध्यरेषा ओलांडून आलेल्या असतील, तर चूक कोणाची हे त्या कागदानेच सांगितले. डंपरमागचा दिवा आणि रिफ्लेक्टर यांचा उल्लेख आहे का, मोटार वाहन निरीक्षकाच्या तपासणी अहवालात ब्रेकबद्दल काय लिहिले आहे, तेही बघा. पंचनाम्यात काही राहिले असेल तर पाहणारा साक्षीदार आताच शोधा. रस्त्यावरच्या हॉटेलचा किंवा पेट्रोल पंपाचा सीसीटीव्ही थोड्याच दिवसांत पुसला जातो. चार महिन्यांनी तो मिळणे कठीण, तरी पोलिसांनी जप्त केला होता का हे विचारा.

हेल्मेटबद्दल. हेल्मेट नव्हते म्हणून अपघात झाला असे होत नाही, आणि हेल्मेट नव्हते म्हणून दावाच जातो असे तर अजिबात नाही. २०२० साली सर्वोच्च न्यायालयाने एका प्रकरणात मोटरसायकलवर तिघे होते एवढ्यावरून कापलेले १० टक्के परत दिले आणि सांगितले की नियम मोडणे आणि अपघात किंवा इजा यांचा संबंध दाखवला पाहिजे. मृत्यू फक्त डोक्याच्या माराने झाला असेल तर कंपनी कपात मागेल आणि काही न्यायाधिकरणे थोडी करतातही. शवविच्छेदन अहवालात छाती-पोटाच्या, बरगड्यांच्या, आतल्या अवयवांच्या इजा काय लिहिल्या आहेत हे वकिलाला नीट दाखवा. डंपरचे चाक अंगावरून गेले असेल तर हेल्मेटचा मुद्दा तिथेच संपतो.

विमा कंपनीचा दुसरा बचाव चालकाच्या परवान्याचा. परवाना नव्हता, खोटा होता, परमिट नव्हते, फिटनेस संपले होते. यातले बरेचसे सिद्ध झाले तरी न्यायालये सहसा कंपनीला आधी कुटुंबाला पैसे देऊन नंतर मालकाकडून वसूल करायला सांगतात. सर्वोच्च न्यायालयाचा २००४ चा स्वर्ण सिंग निकाल यासाठी आजही वापरला जातो. अपघाताच्या दिवशी विमाच नसेल तर मात्र सगळे मालकावर येते, आणि त्याच्याकडून वसुली हे वेगळे आणि लांबचे काम. म्हणून पॉलिसीचा क्रमांक आणि मुदत पहिल्याच आठवड्यात तपासा.

आता तुम्हाला स्वतःला थोडे अवघड वाटेल असे. भाऊ म्हणून तुम्ही सगळी धावपळ करता आहात, पण या हिशेबात तुम्ही अवलंबून असलेल्यांत मोडत नाही. अर्जदार पत्नी, मुले आणि आई-वडील. दावा त्या सगळ्यांनी मिळून एकच टाका. अशी कुटुंबे मी पाहतो जिथे सून वर्षभरात माहेरी जाते, सासरचे वेगळा दावा टाकतात आणि दोन वकील एकाच रकमेवर भांडतात. रक्कम वाढत नाही, वर्षे वाढतात. वाटणी न्यायाधिकरण ठरवते. बहुधा पत्नीचा आणि मुलांचा हिस्सा मोठा असतो, आई-वडिलांना त्यांचा वेगळा. वहिनींनी पुढे दुसरे लग्न केले तर त्यांचा हक्क जातो असे कोणी सांगेल, त्यावर विश्वास ठेवू नका. मुंबई उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये पुनर्विवाह हा भरपाईच्या आड येत नाही हे स्पष्ट केले आहे. २९-३० वर्षांच्या बाईसमोर सगळे आयुष्य पडलेले असते. तिला या पैशाच्या धाकाने घरात बांधून ठेवू नये, हे मी प्रत्येक कुटुंबाला सांगतो.

एक प्रश्न तुम्ही विचारला नाही, पण तो महत्त्वाचा आहे. भावाच्या जागी घरातली बाई गेली असती तर? घरकाम करणाऱ्या गृहिणीचेही उत्पन्न धरून, त्यावर भविष्यातली वाढ देऊन भरपाई काढायची हे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये ठामपणे सांगितले आहे. गावाकडे अशी प्रकरणे अजूनही दावा न टाकता सोडून दिली जातात. ओळखीत असे कोणी असेल तर सांगा.

दाव्याबाहेर काही पैसे असतात आणि ते वेळेत मागितले नाहीत तर जातात. भावाच्या मोटरसायकलची पॉलिसी काढा. गाडी त्याच्याच नावावर असेल, परवाना चालू असेल आणि पॉलिसीत मालक-चालकाच्या वैयक्तिक अपघात विम्याचा हप्ता भरलेला असेल तर १५ लाख रुपये मिळतात, आणि तिथे चूक कोणाची हा प्रश्नच येत नाही. बँकेच्या पासबुकात मे-जूनच्या आसपास २० रुपये वजा झालेले दिसले तर ती प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजना, अपघाती मृत्यूला २ लाख. ४३६ रुपये दिसले तर जीवन ज्योती, आणखी २ लाख. घरात सातबारा असेल तर गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेतून २ लाखांसाठी तालुका कृषी कार्यालयात जा. या योजनांना अर्जाची मुदत असते आणि चार महिने झाले आहेत, तेव्हा उद्याच विचारा. एलआयसीचे किंवा भविष्य निर्वाह निधीचे पैसे भरपाईतून वजा होत नाहीत. हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने १९९८ साली एसटी महामंडळाविरुद्धच्या हेलन रिबेलो प्रकरणात घालून दिले.

आणि एक सापळा. कलम १६४ खाली चूक सिद्ध न करता मृत्यूसाठी ५ लाख मिळतात. लगेच मिळणारी रक्कम म्हणून ती कोणी पुढे करेल. ती ठरलेल्या पद्धतीने स्वीकारली की कलम १६६ चा मोठा दावा संपतो, असे कायद्यातच लिहिले आहे. चूक खरोखर सिद्ध होण्यासारखी नसेल तेव्हाच तो मार्ग. कंपनीच्या माणसाने आणलेल्या कोणत्याही कागदावर, पावती म्हणून का होईना, वकिलाला दाखवल्याशिवाय वहिनींची किंवा आई-वडिलांची सही होऊ देऊ नका.

मग मिटवायचे की लढायचे? मी तडजोडीच्या विरोधात नाही. लोकअदालतीत पैसे लवकर मिळतात आणि वहिनींना वर्षानुवर्षे खेपा माराव्या लागत नाहीत. पण लोकअदालतीचा निवाडा अंतिम असतो, त्यावर अपील नाही. म्हणून आधी दावा दाखल करा, कमाईचे कागद लावा आणि मग बोला. तुमचे कागद महिना १६ हजारांपर्यंत नेत असतील तर हिशेब ३५ लाखांच्या आसपास येतो. २० हजारांपर्यंत नेत असतील तर ४३ लाख, वर सहसा सहा ते नऊ टक्क्यांच्या दरम्यान साधे व्याज. साडेसात टक्क्यांनी तीन वर्षांचे व्याज ४३ लाखांवर नऊ लाख सत्तर हजारांच्या जवळ जाते. वेळ आणि धोका यांच्यापोटी थोडे सोडणे शहाणपणाचे आहे, पण किती सोडतो आहोत हे आकड्यात माहीत असले पाहिजे. आजची २० लाखांची बोली पुरावा शून्य धरून आलेल्या आकड्याच्याही खाली आहे. ती नाकारा.

वकिलाची फी ठरावीक रकमेत आणि लेखी ठरवा. मिळालेल्या भरपाईतून टक्के ठरवणे वकिलांच्या आचारनियमांना धरून नाही. शवागाराच्या दारात भेटलेल्या एजंटामार्फत वकील करू नका, कोऱ्या चेकवर किंवा कोऱ्या वकालतनाम्यावर सही करू नका. परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. स्त्रियांना तिथे उत्पन्नाची अट न लागता मोफत वकील मिळतो.

साक्षीला बहुधा वहिनींनाच उभे राहावे लागेल. त्यांना आधी समजावून सांगा. समोरचा वकील विचारील, तुम्ही दुकानाचा हिशेब बघत होता का, उत्पन्न किती हे तुम्हाला कोणी सांगितले, वडील शेती करतात ना. पाठ करून आलेली उत्तरे लगेच ओळखू येतात. हिशेब बघत नसतील तर नाही म्हणावे, आणि महिन्याला घरखर्चाला किती देत होते, किराणा कोण भरायचे, मुलांची फी कोण भरायचे, हे जसे होते तसे सांगावे. त्या खर्चावरूनही न्यायाधीश कमाईचा अंदाज घेतात.

निकालाला अवॉर्ड म्हणतात. तो कमी वाटला तर तुम्हालाही ९० दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येते. सांगलीसाठी आता मुंबईला जावे लागत नाही, ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाले आहे. कंपनी अपिलात गेली आणि तिने रक्कम जमा केली, तर त्यातला काही भाग काढून घेण्याचा अर्ज करा, अपील संपेपर्यंत घर थांबत नाही. मुलांचा हिस्सा ती सज्ञान होईपर्यंत राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत राहील आणि त्याचे व्याज बहुधा आईच्या खात्यात येईल. मधे शिक्षणासाठी किंवा दवाखान्यासाठी मुद्दल लागले तर प्रवेशाचे पत्र, फीची पावती किंवा दवाखान्याचे अंदाजपत्रक जोडून त्याच न्यायाधिकरणाकडे अर्ज करायचा, खरी गरज दिसली की परवानगी सहसा मिळते.